सिंथ प्लगिन पहिल्यांदा लावताय? आधी आवाजाची वाट समजून घ्या

"दादा, काहून वाजत नाही हे?"

नागपूरच्या इंदोऱ्याचा एक पोरगा लॅपटॉप काखेत घेऊन माझ्याकडे आला होता. ऑक्टोपॅड झकास वाजवतो, आता स्वतःची गाणी करायची म्हणतो. सिंथ, म्हणजे कॉम्प्युटरमध्येच आवाज बनवणारं वाद्य, डाउनलोड झालेला, स्क्रीनवर उघडलेला, पण की दाबली की शांतता. तेच प्लगिन (गाण्याच्या सॉफ्टवेअरला जोडायचा छोटा प्रोग्राम, इथे तोच सिंथ) त्याने चारदा काढलं आणि चारदा पुन्हा लावलं होतं. प्लगिन ठणठणीत होतं. ट्रॅकला रेकॉर्डिंगसाठी सज्ज करणारं लाल बटण तेवढं दाबायचं राहिलं होतं.

मी नागपुरात ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवतो. दिवाळी झाली की झाडीपट्टीच्या नाटकांसाठी वडसा-ब्रह्मपुरीकडे जातो, आणि फेब्रुवारी-मार्चमध्ये घरच्या खोलीत १४ एप्रिलच्या भीमगीतांचं काम चालतं. हे सगळं शिकवायला मला कोणी नव्हतं. बरेच व्हिडिओ पाहिले, तर प्रत्येकात वेगळं सॉफ्टवेअर आणि वेगळीच पायरी. म्हणून क्रम लावून लिहितोय.

पुढचं सगळं एका साखळीवर उभं आहे. बोट कीवर पडतं, कीबोर्ड मिडीचा संदेश पाठवतो, सॉफ्टवेअरमधला ट्रॅक तो घेतो, ट्रॅकवरचा सिंथ त्याचा आवाज बनवतो, ऑडिओ ड्रायव्हर तो आवाज हेडफोनपर्यंत नेतो. मिडीत आवाज नसतो. कोणती की, किती जोरात, कधी सोडली एवढीच माहिती असते. आवाज आला नाही तर या पाचांपैकी एक कडी सुटलेली असते. कडी शोधायची, प्लगिन उपटून टाकायचं नाही.

१. आधी सामान जमवा

- लॅपटॉप किंवा पीसी, ६४ बिट विंडोज किंवा मॅक. ८ जीबी रॅमवर काम भागतं. चार्जर लावूनच काम करा, बॅटरीवर बरेच लॅपटॉप प्रोसेसरचा वेग कमी करतात.
- वायरचा हेडफोन. ब्लूटूथ नको. ब्लूटूथवर आवाज शंभर मिलिसेकंदांहून जास्त मागे पडू शकतो. गाणं ऐकताना ते जाणवत नाही, पण वाजवताना बोट आणि सूर यांची फारकत होते.
- मिडी कीबोर्ड असेल तर उत्तम. घरात ऑर्केस्ट्राचा जुना कीबोर्ड असेल तर नवा घेऊ नका. मागे 'यूएसबी टू होस्ट' लिहिलेलं चौकोनी भोक आहे का ते पाहा. त्याला प्रिंटरची यूएसबी केबल लागते, सीताबर्डीवर कॉम्प्युटरच्या कोणत्याही दुकानात मागा.
- चालू ई-मेल. काही सिंथ खातं उघडल्याशिवाय मिळत नाहीत.
- पुढे परवाना विकत घ्यायचा असेल तर डेबिट किंवा क्रेडिट कार्ड. त्यावर परदेशी व्यवहार बहुधा बंद असतात. बँकेच्या ॲपमध्ये जाऊन ते तेवढ्यापुरते सुरू करा. नाहीतर पैसे जात नाहीत आणि दोष साइटला दिला जातो.

ऑडिओ इंटरफेस (माइक आणि हेडफोन कॉम्प्युटरला जोडणारी डबी) आत्ताच नको. सिंथसाठी माइक लागत नाही. गायक बसवायची वेळ येईल तेव्हा घ्या.

२. सॉफ्टवेअर ठरवा, आणि तेच धरून राहा

गाणं रेकॉर्ड करून जुळवायचं सॉफ्टवेअर म्हणून मी रीपर वापरतो, पुढच्या पायऱ्याही त्याच्याच आहेत. तो आकाराने लहान आहे, जुन्या लॅपटॉपवर चालतो, ६० दिवस पूर्ण रूपात वापरता येतो. त्यानंतर परवाना घ्यायचा. वैयक्तिक आणि छोट्या कामासाठी तो ६० डॉलरचा आहे. एफएल स्टुडिओच्या चाचणी आवृत्तीत एक गोष्ट आधीच माहीत असू द्या: काम सेव्ह होतं, पण परवाना घेईपर्यंत ते पुन्हा नीट उघडत नाही. रात्रभर बसून केलेली चाल सकाळी उघडली नाही की रडू येतं. मॅक असेल तर गॅरेजबँड फुकट आहे.

मेनूंची नावं प्रत्येक सॉफ्टवेअरमध्ये बदलतात, साखळी बदलत नाही.

३. प्लगिनच्या आधी ऑडिओ डिव्हाइस

ही पायरी जवळजवळ सगळे गाळतात, आणि निम्म्या तक्रारी इथूनच निघतात.

रीपर उघडून कंट्रोल आणि पी दाबा, प्रेफरन्सेस उघडेल. तिथे ऑडिओ, त्याखाली डिव्हाइस. विंडोजवर इंटरफेस नसेल तर दोन रस्ते आहेत: विंडोजचाच 'वासापी' निवडा, किंवा 'असिओ फॉर ऑल' हा फुकटचा ड्रायव्हर टाकून 'असिओ' निवडा. इंटरफेस असेल तर त्याच कंपनीचा असिओ ड्रायव्हर टाका. मॅकवर हा प्रश्न फारसा येत नाही.

सॅम्पल रेट (सेकंदाला आवाजाचे किती नमुने) ४८००० ठेवा, आणि विंडोजच्या साउंड सेटिंगमध्येही तोच आहे ना ते बघा. दोन्हीकडे वेगळा असेल तर कधीकधी डिव्हाइस उघडतच नाही.

आता बफर. कॉम्प्युटर आवाजाचे छोटे गठ्ठे करून पुढे पाठवतो, त्या गठ्ठ्याचा आकार म्हणजे बफर. ४८००० वर १२८ नमुन्यांचा गठ्ठा २.७ मिलिसेकंदांचा, २५६ चा ५.३ चा, ५१२ चा १०.७ चा, १०२४ चा २१.३ चा. प्रत्यक्षातला उशीर याहून थोडा जास्तच भरतो. वाजवताना १२८ किंवा २५६ ठेवा. वाजवून झालं, मिक्स करायला बसलात की ५१२ किंवा १०२४ करा. मोठ्या बफरला प्रोसेसरवर ताण कमी येतो.

मग एखादी गाण्याची फाइल रीपरमध्ये ओढा आणि वाजवा. वाजली? साखळीची शेवटची कडी पक्की झाली. नाही वाजली तर प्लगिनकडे जाऊच नका, आधी हे सोडवा.

४. कोणता सिंथ घ्यायचा

एकच घ्या, निदान पहिले दोन महिने. मी नवख्यांना सर्ज एक्सटी सांगतो. तो फुकट आहे, मुक्त स्रोत आहे, त्यावर केलेलं गाणं विकायलाही अडचण नाही, आणि तयार आवाजांचा साठा भरपूर आहे. दुसरा व्हायटल: त्यात आवाजाची लहर डोळ्यांसमोर हलताना दिसते, शिकायला छान. त्याच्या फुकट आवृत्तीसाठी खातं उघडावं लागतं, आणि जुन्या ग्राफिक्सच्या लॅपटॉपवर तो जड जातो. तिसरा डेक्स्ड. १९८३ च्या यामाहा डीएक्स७ चे आवाज ज्यांना हवे आहेत त्यांनी तो जरूर घ्यावा. ती काचेसारखी किणकिणणारी पियानोची छटा ऑर्केस्ट्रावाल्यांच्या कानात बसलेली असते. पण त्यात आवाज घडवणं अवघड आहे, सुरुवात तिथून करू नका.

सिंथ बनवणाऱ्याच्या मूळ साइटवरूनच डाउनलोड करा. पेन ड्राइव्हवर फिरणारे 'सगळे प्लगिन एकत्र' असले फोल्डर घेऊ नका. पैशांचे प्लगिन फोडून दिलेले असतात, त्यासोबत व्हायरस येतो, आणि ऐन रेकॉर्डिंगला सॉफ्टवेअर बंद पडतं. फुकटचे चांगले सिंथ इतके आहेत की त्या वाटेला जायची गरजच नाही.

५. फॉरमॅटचा गोंधळ

व्हीएसटी हा प्लगिनचा प्रकार स्टाइनबर्ग कंपनीने १९९६ मध्ये आणला. आज आपल्याला हवा आहे तो व्हीएसटी३, जो २००८ मध्ये आला. त्याआधीचा व्हीएसटी२ म्हणजे एक डीएलएल फाइल असायची. ती कोणत्याही फोल्डरमध्ये टाका आणि सॉफ्टवेअरला पत्ता सांगा, अशी पद्धत होती. जुन्या व्हिडिओंत 'डीएलएल कॉपी करा' सांगतात ते यामुळे. व्हीएसटी३ ला पत्ता सांगावा लागत नाही, त्याचं घर ठरलेलं आहे: सी ड्राइव्ह, प्रोग्राम फाइल्स, कॉमन फाइल्स, व्हीएसटी३. इन्स्टॉलर तिथेच टाकतो. ती जागा बदलू नका.

मॅकवर लॉजिक आणि गॅरेजबँडला एयू हा प्रकार लागतो, व्हीएसटी तिथे दिसणारच नाही. प्रो टूल्सला एएएक्स. क्लॅप नावाचा नवा प्रकार २०२२ पासून आहे, रीपर तोही घेतो. इन्स्टॉलरमध्ये या सगळ्यांपुढे खुणा असतात. विंडोजवर व्हीएसटी३ ठेवा, बाकीच्या काढल्या तरी चालेल. सगळे ठेवले तर एकच सिंथ यादीत दोन-तीनदा दिसतो आणि नवखा माणूस गडबडतो.

६. इन्स्टॉल आणि स्कॅन

रीपर बंद करून इन्स्टॉलर चालवा. मॅकने 'ओळख पटत नाही' म्हणून अडवलं तर सिस्टिम सेटिंग्जमध्ये प्रायव्हसी अँड सिक्युरिटीत जाऊन 'ओपन एनीवे' दाबा. फाइल मूळ साइटची असेल तरच.

रीपर परत उघडा. नवं प्लगिन तो बहुधा आपणच शोधतो. नाही सापडलं तर प्रेफरन्सेस, प्लगिन्स, व्हीएसटी, आणि तिथे री-स्कॅन. त्यानेही नाही आलं तर त्याच बटणाखालचा 'कॅशे साफ करून स्कॅन' हा पर्याय वापरा. एकदा स्कॅन अर्धवट फसलं की रीपर त्या प्लगिनला नापास ठरवून बाजूला ठेवतो आणि पुढच्या वेळी बघतही नाही.

सर्जसोबत दोन जास्तीच्या गोष्टी येतात. एक 'सर्ज एक्सटी इफेक्ट्स', तो सिंथ नाही, दुसऱ्या आवाजावर लावायचा इफेक्ट आहे. यादीत ज्याच्या आधी 'व्हीएसटी३आय' लिहिलंय तो वाद्याचा. शेवटचं 'आय' बघायचं. दुसरी गोष्ट म्हणजे स्टँडअलोन, एकटा चालणारा सर्ज. त्यापायी माझी एक अख्खी दुपार गेली आहे, ते सांगतो.

मार्च महिना, गायक काका समोर बसलेले, कोरसच्या दोन मुली दारात. रीपरमध्ये सर्ज उघडतोय, पण कीबोर्ड मुका. केबल बदलली, कीबोर्ड बदलला, लॅपटॉप तीनदा रीस्टार्ट केला. काका शेवटी म्हणाले, "भाऊ, पेटी काढू का?" आणि पेटीवरच मुखडा बसवला. संध्याकाळी लक्षात आलं: एकटा चालणारा सर्ज मीच कधीतरी विंडोज सुरू होताना आपोआप उघडेल असा लावून ठेवला होता. तो खाली दडून बसला होता आणि कीबोर्डचं मिडी त्याने धरून ठेवलं होतं. विंडोजवर बऱ्याच कीबोर्डांचे ड्रायव्हर एका वेळी एकाच प्रोग्रामला मिडी देतात. दुसरा मागायला आला की त्याला काही मिळत नाही. म्हणून रीपर उघडण्याआधी बाकीचं सगळं संगीताचं सॉफ्टवेअर बंद आहे ना, हे बघायची सवयच लावून घ्या.

७. कीबोर्ड जोडा

कीबोर्ड आधी चालू करा, केबल लावा, मग रीपर उघडा. प्रेफरन्सेसमध्ये मिडी इनपुट्स (जुन्या आवृत्तीत मिडी डिव्हायसेस) या पानावर कीबोर्डचं नाव दिसेल. त्यावर डबल क्लिक करून इनपुट सुरू करा. नाव दिसतंय पण सुरू केलेलं नाही, हे फार वेळा होतं.

नावच नसेल तर केबल बघा. फक्त चार्जिंगच्या असतात तशा केबलमधून माहिती जात नाही. काही कीबोर्डांना कंपनीचा यूएसबी-मिडी ड्रायव्हरही लागतो.

ऑर्केस्ट्राचा कीबोर्ड जोडला असेल तर त्याच्या फंक्शन मेनूत 'लोकल कंट्रोल' ऑफ करा. नाहीतर कीबोर्डचा स्वतःचा आवाज आणि सिंथचा आवाज दोन्ही एकदम येतात. आणि कार्यक्रमाला जाताना आठवणीने पुन्हा ऑन करा! स्टेजवर मुका कीबोर्ड घेऊन उभं राहण्याची वेळ कोणावर येऊ नये.

कीबोर्डच नसेल तर रीपरमध्ये ऑल्ट आणि बी दाबा. कॉम्प्युटरच्या बटणांवर वाजवता येणारा कीबोर्ड उघडतो.

८. पहिला सूर

इन्सर्ट मेनूत 'व्हर्च्युअल इन्स्ट्रुमेंट ऑन न्यू ट्रॅक' निवडा आणि यादीतून सर्ज एक्सटी घ्या. या रस्त्याने गेलात की लाल बटण, मिडी इनपुट आणि मॉनिटर (वाजवताना आवाज ऐकू येणं) हे तिन्ही रीपर स्वतः लावतो. ट्रॅक हाताने बनवला तर ते तुम्हाला करावं लागतं: लाल बटण दाबा, इनपुटमध्ये 'ऑल मिडी इनपुट्स', 'ऑल चॅनल्स', आणि मॉनिटर सुरू.

की दाबा. आवाज नाही? घाबरू नका, या क्रमाने बघा.

सर्जच्या खिडकीत खाली चित्रातला कीबोर्ड असतो (नसेल तर त्याच्या मेनूतून दाखवता येतो). त्यातली एक की माउसने दाबा. आवाज आला तर सिंथ आणि हेडफोन दोन्ही चांगले, अडचण कीबोर्ड आणि ट्रॅकच्या मध्ये आहे. सातवी पायरी पुन्हा बघा. माउसनेही आला नाही तर ट्रॅकवरच्या मीटरकडे बघा. मीटर हलतंय म्हणजे सिंथ आवाज देतोय, तो बाहेर पोहोचत नाही. मग तिसऱ्या पायरीकडे जा. मीटरही हलत नसेल तर सर्जमधला आवाज बदलून पाहा, कदाचित उघडलेलाच आवाज हळूहळू चढणारा असेल.

२५ कींच्या छोट्या कीबोर्डवर आणखी एक गंमत होते. ऑक्टेव्हचं बटण चुकून दाबलं जातं आणि सूर इतका खाली जातो की लॅपटॉपच्या स्पीकरवर ऐकूच येत नाही.

९. एक आवाज स्वतः घडवा

तयार आवाज खूप आहेत, पण एक तरी हाताने घडवल्याशिवाय सिंथ कळत नाही. आपल्या गाण्यांत लागतो तो मींडेचा लीड (पुढे राहून धून वाजवणारा आवाज) घेऊ.

सर्जच्या आवाजांच्या यादीत टेम्प्लेट्समध्ये 'इनिट सॉ' आहे. कच्चा, करवतीसारखा आवाज. फिल्टर १ वर 'लोपास' (वरचा तीक्ष्ण भाग अडवणारा) गटातला २४ डीबीचा निवडा आणि कटऑफ (जिथून तो अडवायला लागतो ती जागा) हळूहळू खाली आणा. करकर गळून पडते, आवाज गोल होत जातो. जिथे तो नाकातून गायल्यासारखा वाटेल तिथे थांबा. किती ते आकड्यावर नाही, कानावर सोडा.

मग ॲम्प ईजी, म्हणजे सूर कसा उठतो आणि कसा विझतो ते ठरवणारा भाग. ॲटॅक थोडा वाढवा, चाळीस-पन्नास मिलिसेकंदांच्या आसपास, म्हणजे सूर धपकन न पडता फुंकरीसारखा उठतो. सस्टेन (की धरलेली असताना टिकणारा आवाज) पूर्ण. रिलीज (की सोडल्यावर आवाज विरायला लागणारा वेळ) थोडा.

आता खरी गोष्ट. प्ले मोड 'पॉली'वरून (एका वेळी अनेक सूर) 'मोनो एफपी'वर (एका वेळी एकच) न्या आणि पोर्टामेंटो (एका सुरावरून दुसऱ्यावर घसरायला लागणारा वेळ) साधारण शंभर मिलिसेकंद ठेवा. यात पहिली की धरून दुसरी दाबली तरच सूर घसरत जातो. बोट उचलून दाबली तर सूर स्वच्छ वेगळा लागतो. म्हणजे मींड कुठे हवी आणि कुठे नको हे तुमच्या बोटांच्या ताब्यात येतं. हे पहिल्यांदा जमलं त्या रात्री मी जेवायला उठलो नव्हतो.

पिच बेंडची, म्हणजे सूर वर-खाली वाकवणाऱ्या चाकाची, मर्यादा मूळची २ अर्धसूर असते, म्हणजे एक पूर्ण सूर. ती ५ करा. सा धरून चाक पूर्ण वर नेलं की शुद्ध मध्यम लागतो. सर्जमध्ये आणि कीबोर्डवर दोन्हीकडे वाटेल तशी बदलू नका, ती सिंथमध्येच ठरवा.

आवाज आवडला की स्वतःच्या नावाने सेव्ह करा. सेव्ह न करता यादीतला दुसरा आवाज उघडला की हा गेला.

पट्टीबद्दल एक. गायक म्हणतो काळी एक, आणि रेकॉर्डिंगच्या दिवशी घसा बसलेला असतो, म्हणून पांढरी सात हवी. मिडीत वाजवलेलं असेल तर सगळे नोट निवडून दोन अर्धसूर खाली सरकवा, झालं. त्यासाठी कीबोर्डवरचा पट्टी बदलणारा ट्रान्सपोज शून्यावर ठेवूनच वाजवायचं. आणि सरकवताना ढोलकी-ड्रमचा ट्रॅक वगळा. तिथे प्रत्येक की म्हणजे वेगळं वाद्य असतं. सरकवलं की किकच्या जागी भलतंच वाजतं.

१०. कडकड आणि नागपूरचं ऊन

आवाजात कडकड येते तेव्हा प्रोसेसर वेळेत गठ्ठा भरून देत नसतो. बफर वाढवा, ब्राउझर बंद करा, पॉवर सेटिंग 'हाय परफॉर्मन्स' करा. वाजवून पूर्ण झालेला ट्रॅक उजवी क्लिक करून फ्रीझ करा. सिंथ विश्रांती घेतो, आवाजाची फाइल वाजत राहते, आणि बदल हवा असेल तर अनफ्रीझ करता येतं.

मे महिन्यात आपल्याकडे पारा ४५ पर्यंत जातो, तेव्हा जानेवारीत सुरळीत चाललेलं तेच गाणं कडकडायला लागतं. तापलेला प्रोसेसर स्वतःला वाचवायला वेग कमी करतो. लॅपटॉप गादीवर ठेवू नका, खालून हवा खेळेल असा उंचावर ठेवा. कूलरच्या थेट झोतात मात्र नको, ती हवा ओली असते. मी जड काम पहाटे किंवा रात्री दहानंतर करतो.

आणि लाइट. पीसी असेल तर यूपीएस लावा. प्रेफरन्सेसच्या प्रोजेक्ट पानावर ठराविक मिनिटांनी बॅकअप घेण्याचा पर्याय आहे, तो पाच मिनिटांवर ठेवा.

११. दुसऱ्या स्टुडिओत काम नेताना

प्रोजेक्टची फाइल नेली आणि तिथल्या कॉम्प्युटरवर सर्ज नसला, तर ट्रॅक रिकामा. म्हणून रेंडर करून न्या: प्रत्येक ट्रॅकची वेगळी वेव्ह फाइल, २४ बिट, ४८०००. सगळ्या फाइल गाण्याच्या अगदी शून्यापासून सुरू होऊ द्या, मधे शांतता असली तरी. मग समोरचा माणूस त्या एकाखाली एक ठेवतो आणि ताल आपोआप जुळतो. रिव्हर्ब (खोलीतल्यासारखी गुंज) लावलेली आणि कोरडी अशी लीडची दोन रूपं द्या, मिक्स करणारा दुवा देईल. फाइलच्या नावात टेम्पो आणि पट्टी लिहा, म्हणजे '९६ काळी एक लीड कोरडा' असं. पेन ड्राइव्ह काढण्याआधी त्यावरूनच एक फाइल वाजवून बघा.